क्रांती सावकाश झाली तर ती उत्क्रांती का?

प्रश्न असा आहे: ‘अचानक होते ती क्रांती, सावकाश होते ती उत्क्रांती, असं शाळेत शिकलो. मग नव्या विचारांमुळे समाज शंभर-दीडशे वर्षांत बदलला, तर त्याला वैचारिक क्रांती म्हणणं चूक का?’

चूक मुळीच नाही. वेगावरून फरक करायचा तर औद्योगिक क्रांतीचं काय करणार? तिला कित्येक दशकं लागली.

दोन्ही शब्दांचा धातू एकच, क्रम्, म्हणजे पाऊल टाकणं. क्रम, पराक्रम, आक्रमण, अतिक्रमण ही सगळी त्याच घरातली. पण संस्कृतात क्रांती हा शब्द राजकारणात नव्हे, आकाशात नांदत होता. सूर्याचा वार्षिक भासमान मार्ग म्हणजे क्रांतिवृत्त, आणि एखादा तारा खगोलीय विषुववृत्ताच्या किती उत्तरेला किंवा दक्षिणेला आहे ते कोनीय अंतर म्हणजे त्याची क्रांती. (समासात ‘ति’ ऱ्हस्व, एकटी असली की दीर्घ. हे जाता जाता.)

गंमत म्हणजे ‘रेव्होल्यूशन’ही आकाशातूनच खाली उतरला. खगोलशास्त्रज्ञ कोपर्निकसच्या 1543 च्या ग्रंथाच्या नावात तो आहे, पण तिथे त्याचा अर्थ निव्वळ भ्रमण, फिरून मूळ जागी येणं. मुळातला लॅटिन धातू गुंडाळण्याचा, फिरवण्याचा. राजकारणात आल्यावरही या शब्दाची परतीची ओढ काही काळ टिकली. 1688 मध्ये इंग्लंडचा राजा बदलला आणि पुढच्या वर्षी हक्कांचा कायदा झाला, तेव्हा ‘आमचे प्राचीन हक्क आम्ही पुन्हा सांगत आहोत’ अशीच त्याची भाषा होती. 1789 च्या फ्रेंच राज्यक्रांतीनंतर मात्र हा शब्द मागे न फिरणाऱ्या बदलाचा झाला. काळ चक्रासारखा फिरत नाही, पुढे जातो, ही कल्पना रुजत होती आणि शब्दाने तिच्यामागून कूस बदलली. मग क्रियापदही बदललं. ग्रहण होतं तशी क्रांती ‘होत’ असे; आता ती ‘करता’ येऊ लागली. ‘क्रांतिकारक’ हा शब्द या दुसऱ्या क्रियापदाशिवाय संभवतच नाही.

उत्क्रांतीची कथा वेगळी. संस्कृतात ती म्हणजे जिवाने देह सोडणं. गीतेच्या पंधराव्या अध्यायातलं ‘उत्क्रामन्तम्’ ते हेच. ‘इव्होल्यूशन’चा मूळ अर्थ गुंडाळी उलगडणं, त्यात वर-खाली काही नाही. आपण पर्याय निवडला त्यात मात्र ‘उत्’, म्हणजे वर, येऊन बसला. त्यामुळे ‘समाजाची उत्क्रांती’ म्हटलं की आजचा समाज कालच्यापेक्षा वरच्या पायरीवर, असं न बोलताच गृहीत धरलं जातं. दोष एकट्या मराठीचा नाही. इंग्रज तत्त्वज्ञ स्पेन्सरने हा शब्द समाजाला लावला तोही प्रगतीच्याच अर्थाने. डार्विनच्या 1859 च्या ग्रंथाच्या पहिल्या आवृत्तीत मात्र ‘इव्होल्यूशन’ हे नाम आढळत नाही. त्या धातूचं एक क्रियारूप तेवढं अगदी शेवटचा शब्द म्हणून येतं.

मग फरक कशात? माझ्या मते जुनं माप पुढेही चालतं का, यात. चालत असेल तर उत्क्रांती. मापच मोडलं असेल तर क्रांती, मग कितीही वर्षं लागोत. कोपर्निकसपासून न्यूटनच्या 1687 च्या ग्रंथापर्यंत 144 वर्षं गेली, पण त्या अवधीत नुसती उत्तरं बदलली नाहीत, विचारायचे प्रश्नच बदलले.

तुमच्या शब्दप्रयोगात खरी मेख आहे ती ‘वैचारिक’मध्ये. तो फोडून बघा. ‘विचारांत झालेली क्रांती’ की ‘विचारांनी घडवलेली क्रांती’? सप्तमी घ्यायची की तृतीया, यावर इतिहासाच्या तत्त्वज्ञानातला एक मोठा वाद उभा आहे. जर्मन तत्त्वज्ञ हेगेल तृतीया घेईल: त्याच्या मते इतिहासाला चैतन्यच पुढे नेतं. मार्क्स सप्तमीवर थांबेल: उत्पादनाचे संबंध बदलतात आणि डोक्यातले विचार त्यांच्यामागून. पण त्याच मार्क्सने 1844 मध्ये असंही लिहून ठेवलं, की सिद्धान्ताने जनसमूहाचा ठाव घेतला की तोही भौतिक शक्ती बनतो. म्हणजे तृतीयेला त्याचं दारही पूर्ण बंद नव्हतं! ‘वैचारिक क्रांती’ लिहिणारे बहुतेक जण ही विभक्ती झाकलेलीच ठेवतात, आणि कारण कोणतं, परिणाम कोणता, हे सांगण्यातून सुटतात. तुमच्या प्रश्नात ‘विचारांमुळे’ असं स्पष्ट आहे, तेव्हा ‘विचारांनी घडवलेली क्रांती’ असं सरळ लिहा. फक्त मग ते दाखवून देण्याची जबाबदारीही आली.

आणि बरं-वाईट, वर-खाली काहीच सुचवायचं नसेल, तर ‘स्थित्यंतर’ किंवा ‘संक्रमण’ हे शब्द आहेत. ‘संक्रांती’ही त्याच क्रम् धातूची, अर्थही एका राशीतून दुसरीत जाण्याचाच. पण ‘समाजाची संक्रांत’ लिहिलंत तर वाचणारा विचारेल, कुणावर आली?