दहा लाख भरले आणि फिटले दोनच लाख, बँकेने फसवलं का आम्हाला?

कर्जाच्या सल्ल्याला माझ्याकडे येणारी माणसं हा प्रश्न हमखास विचारतात. शब्द जरा इकडे तिकडे, पण सूर तोच. मॅडम, आम्ही एकही हप्ता चुकवला नाही हो, तरी कर्ज आहे तिथेच आहे, हे असं कसं? आणि त्याच्या मागे अजून एक प्रश्न असतो जो पहिल्या दिवशी कुणी विचारत नाही, की घर घेऊन आम्ही चूक केली का.

हे जोडपंही तसंच आलं. दोघंही नोकरी करणारे, तिशीतले. नावगाव सांगत नाही आणि आकडेही गोल करून देतेय, म्हणजे तुम्हाला स्वतःचे आकडे घालून बघता येतील, कर्ज लहान असो की मोठं, रेट आणि मुदत तीच असेल तर प्रमाण तेच राहतं. कर्ज ५० लाख, व्याजाचा रेट ८.५ टक्के फ्लोटिंग (म्हणजे मध्येच कमीजास्त होऊ शकणारा), मुदत २० वर्षं म्हणजे २४० हप्ते, हप्ता ४३,३९१. दोन वर्षं झालेली.

ती फाईल घेऊन आली होती आणि तो हात बांधून बसला होता. त्याचं म्हणणं होतं की हप्ता झेपतोय, वेळेवर जातोय, मग एवढा गोंधळ कशाला. तिने स्टेटमेंट टेबलावर ठेवलं. त्यावर पेनाने दोन ठिकाणी गोल केलेला. एक होता बाकी मुद्दलाभोवती, ४७,९२,१४६. दुसरा गोल कोपऱ्यातल्या एका छोट्या आकड्याभोवती, २६३. त्याच्यापुढे तिने प्रश्नचिन्ह काढलं होतं. मला म्हणाली, "मॅडम ही टायपिंगची चूक असेल ना?"

तो २६३ मी मुद्दाम बाजूला ठेवला, कारण आधी पहिला गोल समजल्याशिवाय दुसरा समजत नाही.

दोन वर्षांत त्यांनी भरले १०,४१,३८४. मुद्दल कमी झालं २,०७,८५४. बाकी सगळं व्याज. हे बघून कुणाचंही डोकं फिरेल, आणि मग लोक म्हणतात की बँक आधी सगळं व्याज वसूल करून घेते आणि मुद्दल मागे ठेवते. हे मी इतक्या वेळा ऐकलंय, अगदी शिकलेल्या माणसांकडून पण, आणि ते बरोबर नाहीये. बँक काही आधी वसूल करत नाही. दर महिन्याला जेवढं कर्ज बाकी आहे तेवढ्यावरच त्या महिन्याचं व्याज लागतं, बस. पहिल्या महिन्यात ५० लाख बाकी होते, वर्षाला ८.५ टक्के म्हणजे त्या एका महिन्याचं व्याज झालं ३५,४१७. हप्ता ४३,३९१. उरले ७,९७४, ते मुद्दलात गेले. पुढच्या महिन्यात कर्ज ७,९७४ नी कमी, म्हणून व्याज साधारण ५६ नी कमी, म्हणून मुद्दलात ५६ जास्त. असं मुंगीच्या पावलाने चालतं ते.

मी त्यांना कागद पेन्सिल दिली आणि पहिल्या तीन महिन्यांचं त्यालाच करायला लावलं. मी केलं असतं तर त्याने मान डोलावली असती आणि घरी जाऊन विसरला असता. तिसऱ्या ओळीला तो थांबला आणि म्हणाला, "म्हणजे हे असं किती वर्षं?"

तर ८.५ टक्क्याला २० वर्षांचं कर्ज असेल तर हप्त्यातला अर्धा भाग मुद्दलात जायला लागतो तो बाराव्या वर्षाच्या शेवटी शेवटी. अर्धं कर्ज, म्हणजे ५० चे २५ लाख व्हायला जवळजवळ १४ वर्षं लागतात. उरलेले २५ लाख मग सहा वर्षांत भराभर जातात, शेवटच्या हप्त्यात तर व्याज जेमतेम ३०५ असतं. यात फसवणूक नाही, गणितच तसं आहे. पण हे गणित सही करायच्या दिवशी कुणी असं मांडून दाखवत नाही हेही खरं, तिथे फक्त हप्ता किती बसेल एवढंच बोलणं होतं आणि ऐकणाऱ्यालाही तेवढंच ऐकायचं असतं.

एकूण हिशोब केला तर २४० हप्त्यांचे होतात १ कोटी ४ लाख १४ हजार. म्हणजे ५० लाखाला ५४ लाख १४ हजार व्याज. ती एकदम गप्प झाली. तो म्हणाला, माहीत होतं मला डबल जातात ते. मी म्हटलं माहीत होतं ना, मग आता तो २६३ बघू.

मी विचारलं रेट बदलल्याचा काही मेसेज आला होता का. त्याने मोबाईल काढला, खाली खाली जात शोधला, सापडला. रेट ९.५ टक्के झाला आहे आणि हप्त्यात बदल नाही, अशा अर्थाचा. तो म्हणाला हो हा वाचलेला मी, हप्ता तोच आहे म्हटल्यावर बरं वाटलं.

तिथेच खरी गोम आहे.

रेट वाढला की कुठून तरी पैसे जास्त जाणारच, हप्ता वाढला नाही तर मुदत वाढते, आणि फ्लोटिंग कर्जात बऱ्याचदा हेच होतं कारण हप्ता वाढला की लोक फोन करतात, भांडतात, मुदत वाढली तर कुणाला कळतही नाही. यांचे २१६ हप्ते बाकी राहायला हवे होते. एक टक्का रेट वाढल्यावर तेवढ्याच हप्त्यात ते झाले २६३. टायपिंगची चूक नव्हती ती. ४७ हप्ते, म्हणजे चार वर्षांना एक महिना कमी.

का एवढे? कारण आधी पंचविसाव्या हप्त्यात व्याज गेलं असतं ३३,९४४ आणि मुद्दलात ९,४४७. नवीन रेटने व्याज झालं ३७,९३८ आणि मुद्दलाला उरले ५,४५३. रेट एका टक्क्याने वाढला पण मुद्दल फेडायचा वेग चाळीस टक्क्यांहून जास्त घटला. आणि हेच दहाव्या बाराव्या वर्षी झालं असतं तर एवढं लागलं नसतं, कर्ज नवीन असताना रेट वाढला की तो सगळ्यात जास्त झोंबतो.

आता हात बांधलेले सुटले त्याचे. चिडला, बँकेवर, मग थोडा तिच्यावरही, की तू आधी का नाही बोललीस. ती म्हणाली, "अरे मी तीन वेळा बोलले, तू म्हणालास हप्ता तोच आहे ना." मी मध्ये पडले नाही. पैशाच्या सल्ल्यात अशी पाच मिनिटं येतातच आणि ती येऊ द्यावीत असं माझं मत आहे, नंतर माणसं आकड्याकडे नीट बघतात.

मग मी विचारलं, मुदत परत २१६ वर आणायची असेल तर हप्ता किती करावा लागेल, अंदाज सांगा. त्याने म्हटलं दहा हजार तरी वाढेल. ती म्हणाली सात आठ. उत्तर आहे ४६,३८४, म्हणजे २,९९३ जास्त. तीन हजार धरा. ते तीन हजार आज भरले नाहीत तर शेवटी किती जास्त जातात? जुन्या हप्त्याने चालू ठेवलं तर इथून पुढे एकूण जातील साधारण १ कोटी १४ लाख, वाढवलेल्या हप्त्याने जातील १ कोटी. महिन्याला तीन हजार वाचले म्हणून जे बरं वाटलं होतं त्याची किंमत जवळजवळ १४ लाख. तेही रेट इथेच थांबला असं धरून. तो वर जाईल किंवा खाली येईल ते मला सांगता येत नाही, आणि जो सांगतो त्याच्यापासून जरा लांब राहा.

म्हणून मी सगळ्यांना सांगते की रेटसाठी पाव टक्क्याची घासाघीस करता ती करा जरूर, पण मुदतीकडे डोळेझाक करू नका, कर्ज महाग होतं ते मुख्यतः वर्षांमुळे. यांना सुरुवातीला ३० वर्षांचा पर्याय पण दिला होता म्हणे, हप्ता ३८,४४६ बसत होता. पाच हजाराने कमी, कुणालाही मोह होईल. त्यात व्याज झालं असतं ८८ लाखांच्या वर, २० वर्षांपेक्षा ३४ लाख जास्त. उलट १५ वर्षं घेतली असती तर हप्ता ४९,२३७ आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या आसपास. झेपत नसताना १५ वर्षं घ्या असं मी म्हणत नाही हां, हप्ता चुकायला लागला तर दंड, क्रेडिट स्कोअर, रात्रीची झोप सगळंच जातं. पण पाच हजार कमी बसतात म्हणून ३० घेणं आणि दुसरा इलाज नाही म्हणून ३० घेणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

फाईल चाळताना अजून एक सापडलं. कर्जासोबत इन्शुरन्स घेतला होता, एकरकमी प्रीमियम दीड लाख, आणि तो खिशातून न भरता कर्जातच धरला होता. म्हणजे ५० लाखातले दीड लाख घराचे नव्हतेच. तिला वाटत होतं प्रीमियम दीड लाख. २० वर्षं ८.५ टक्क्याने तो पडतो ३ लाख १२ हजाराला. इन्शुरन्स वाईट नाही, दोघांच्या पगारावर कर्ज असेल तर हवाच, पण तो वेगळा घेऊन दरवर्षी भरला असता तर काय पडलं असतं हे त्यांनी कधी विचारलंच नाही. प्रोसेसिंग फी, कागदपत्रांचा खर्च, घराचा कर, मेंटेनन्स हे सगळं तर वेगळंच, त्यात मी शिरले नाही, तो खर्च कर्ज नसतं तरी बराचसा झालाच असता.

मग तिने तो मागचा प्रश्न विचारला. हळूच. "म्हणजे आम्ही भाड्यानेच राहायला हवं होतं का?"

माझं उत्तर सरळ हो किंवा नाही असं नव्हतं. ५४ लाख व्याज हा आकडा भीतीदायक वाटतो पण तो एकटा बघायचा नसतो. भाडंही गेलंच असतं, आणि ते हप्त्यासारखं एका जागी थांबत नाही, वाढत जातं. दुसरं म्हणजे २० वर्षांनंतरचे ४३,३९१ म्हणजे आजचे ४३,३९१ नाहीत, महागाई वर्षाला ५ टक्के धरली तर शेवटचा हप्ता आजच्या हिशोबात १६ हजाराच्या थोडा वर असेल. पगार तोवर जिथे असेल तिथे तो हप्ता किरकोळ वाटेल. हे सगळं धरून पण घर घेणं फायद्याचंच असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही, कुणाच्या घराची किंमत वाढते, कुणाची वर्षानुवर्षं तिथेच राहते. पण दोन वर्षांत मुद्दल फारसं कमी झालं नाही एवढ्यावरून चूक झाली असं ठरवून घर विकायला काढणं हे मात्र नक्की चुकीचं, कारण सुरुवातीला मुद्दल हळूच कमी होतं, आणि नवीन कर्ज परत पूर्ण मुदतीचं घेतलंत की पुन्हा पहिल्या ओळीपासून सुरुवात. कमी रेट मिळतोय म्हणून दुसऱ्या बँकेत कर्ज नेतानाही हेच बघा, तिथे परत २० वर्षं लिहून घेतली तर हप्ता कमी दिसतो पण एकूण जास्त जाऊ शकतात.

त्यांनी करायचं एवढंच ठरलं की हप्ता वाढवून ४६,३८४ करायचा लेखी अर्ज द्यायचा आणि नवीन शेड्यूल, म्हणजे बाकी हप्त्यांचं वेळापत्रक, छापून मागायचं, तोंडी नाही. पहिल्या खेपेला काउंटरवर सांगितलं गेलं की असं होत नाही. दुसऱ्या खेपेला तेच काम एका फॉर्मवर झालं, त्यात हप्ता बदला की मुदत बदला असे दोन चौकोन होते, नेहमी मुदतीवर टिक होऊन जाते म्हणे. नवीन शेड्यूलमध्ये २१६ आलं, तिने फोटो पाठवला मला.

एक गोष्ट अजून अडलेली आहे. तिच्या नावावर चार लाखांची ठेव आहे. तिला ती सगळी कर्जात भरून टाकायचीय, कारण ठेवीवर मिळतं त्यापेक्षा कर्जावर जास्त जातं आणि ते बरोबरच आहे. त्याला ती हलवायची नाहीये, नोकरीचं काही सांगता येत नाही म्हणतो, तेही बरोबर आहे. मी सहा महिन्यांचे हप्ते बाजूला ठेवा म्हणते, म्हणजे पावणेतीन लाखांच्या आसपास, आणि उरलेलं भरा, पण मुद्दलातच जमा करा असं लिहून द्या आणि मुदत कमी करा, हप्ता नाही. यावर दोघंही खूश नाहीत. पुढच्या गुरुवारी परत येतायत, दोघांनी आपापला आकडा वेगळ्या कागदावर लिहून आणायचा, एकमेकांना न दाखवता, असं सांगितलंय.