चित्रपटाचा संपादक की संकलक?

प्रश्न असा आहे : ‘ज्येष्ठ चित्रपट संपादक वामन भोसले यांची कारकीर्द’ हा मथळा बरोबर आहे का?

व्याकरणात काही चूक नाही, तरी कानाला खटकतो. संपादक म्हटलं की मराठी माणसाला अग्रलेख लिहिणाराच आठवतो. शिवाय संपादन म्हणजे मिळवणं : विश्वास संपादन करतात, महामार्गासाठी भूसंपादन होतं. ‘चित्रपट संपादन’ वाचून सरकारने सिनेमा ताब्यात घेतला असं कुणाला वाटलं, तर दोष त्याचा नाही!

मराठी सिनेमाच्या श्रेयनामावलीत ‘संकलन’ असतं आणि ते करणारा संकलक. मला हा शब्द नुसता रूढ म्हणून नव्हे, नेमका म्हणूनही आवडतो. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’ या गणिताच्या ग्रंथात संकलित म्हणजे बेरीज आणि व्यवकलित म्हणजे वजाबाकी. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं, हा माणूस कापाकापी करतो म्हणजे वजाबाकीच करतो. कापाकापी असतेच. भोसल्यांच्या उमेदीच्या काळात ३५ मिलिमीटरची फिल्म हाताने कापून जोडत. पण नको ते काढल्यावर खरं काम सुरू होतं. एकाच निर्विकार चेहऱ्याआधी रिकामा पाळणा जोडला तर तो दुःखी दिसतो, जेवणाचं ताट जोडलं तर भुकेला. अर्थ दोन्ही शॉटपैकी एकातही नसतो, तो जोडण्यातून येतो. ‘कात्री लावणे’ हा वाक्प्रचार म्हणूनच सेन्सॉरकडे राहू द्यावा.

भोसले मूळचे गोव्यातल्या पोंबुर्फ्याचे. मुंबईत येऊन बॉम्बे टॉकीजमध्ये संकलक डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले, मग फिल्मिस्तानात बरीच वर्षं सहायक होते. राज खोसलांच्या ‘दो रास्ते’ने (१९६९) त्यांचं नाव झालं. पुढे बहुतेक कामं गुरुदत्त शिराळींच्या जोडीने केली. ‘आंधी’चा संथ, मागे-पुढे जाणारा काळ आणि ‘इन्कार’ची धावपळ एकाच टेबलावरून आली यावर पटकन विश्वास बसत नाही. ‘इन्कार’साठी भोसल्यांना राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. २०२१ मध्ये ते गेले.

‘कारकीर्द’ खुशाल ठेवा. फारसीतून आलेला हा शब्द एके काळी राजवटीसाठी असे (‘माधवरावांची कारकीर्द’), पण आता कलावंताला आणि फलंदाजालाही चालतो. ‘ज्येष्ठ’ही योग्यच.

बोलताना मात्र या धंद्यातला कुणी ‘संकलनाला बसलोय’ म्हणत नाही, ‘एडिटला बसलोय’ म्हणतो, आणि त्यात वावगं काही नाही. लिहिताना ‘ज्येष्ठ संकलक’ लिहा. बाईसाठीही हाच शब्द : ‘परिंदा’च्या रेणू सलुजा संकलकच. ‘संकलिका’ अजून कुणी म्हणत नाही, आपणही सुरू करू नये.