वाचकांचे प्रश्न : ललिताबाईंचा डावा डोळा

प्रश्न : महिला मंडळाच्या कार्यक्रमात ललिता पवारांवर दहा मिनिटांचं एकपात्री करतेय. डोळा बारीक केला की समोरच्या बायका हसतात. काय चुकतंय? आणि तो डोळा खरंच थपडेनं गेला का?
— एक वाचक, अमळनेर

उत्तर : गेला नाही, अधू झाला. १९४२ मध्ये ‘जंग-ए-आजादी’च्या चित्रीकरणात प्रसंगाप्रमाणे भगवानदादांनी त्यांच्या थोबाडीत मारायची होती, ती फारच जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, बरेच दिवस उपचार चालले आणि डोळा कायमचा लहान राहिला. तोवर त्या नायिका होत्या. १९२८ पासून मूकपटांत काम, १९३२ च्या ‘कैलाश’ची तर निर्मितीही केलेली. ते सगळं तिथे थांबलं. पण दोनच वर्षांत ‘रामशास्त्री’त आनंदीबाई म्हणून त्या पुन्हा उभ्या राहिल्या, हे लोक विसरतात. खाष्ट सासू त्यानंतरची.

आता तुमचा घोळ. तुम्ही डोळा आवळून धरताय. आवळला की गाल वर चढतो, ओठाचा कोपरा ओढला जातो, शब्द चिरडतात आणि थोड्या वेळानं डोळ्यातून पाणी यायला लागतं. मग हसणारच. फक्त वरची पापणी अर्धी खाली सोडा, गाल सैल ठेवा. आरशासमोर डाव्या गालाच्या हाडावर बोट ठेवून सराव करा. बोट वर सरकलं की आवळलात असं समजा. एका दमात दोन-तीन वाक्यंच धरायचं, मान वळवताना सोडायचं. हनुवटी किंचित खाली, आणि काम उजव्या डोळ्याकडून करून घ्या. काजळ उजवीकडे ठसठशीत, डावीकडे नुसती रेघ. दिवा उजव्या अंगाला लावला तर डावीकडे आपोआप सावली पडते, अर्धं काम तिथेच होतं.

मंथरेपासून सुरुवात करू नका. १९८७ च्या मालिकेमुळे सगळे तिचीच वाट बघत बसतात, म्हणून ती शेवटी. आधी १९५५ सालच्या दोघी घ्या : ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मधली पुरुषांवर खार खाणारी श्रीमंत आत्या आणि ‘श्री ४२०’मधली केळेवाली. तोच चेहरा, तेच वर्ष. मध्ये ‘अनाडी’तल्या मिसेस डिसा. तोंडानं फटकळ, आतून माया. डोळा तसाच लहान, पण तिथे तो धाक दाखवत नाही. ही भूमिका जमली तर बाकीच्या जमतील. फिल्मफेअरचं पारितोषिकही त्यांना हिच्याचसाठी मिळालं.

प्रश्न : वाचनालयात त्यांचे जुने चित्रपट पडद्यावर दाखवायचे आहेत. तिकीट नाही. परवानगी लागते का?
— ग्रंथालय कार्यकर्ते, चाळीसगाव

उत्तर : तिकीट नाही म्हणजे परवानगी नको, हा गैरसमज आहे. बाजारातली डिस्क घरी बघण्यापुरती असते. आपल्या कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षारंभापासून ६० वर्षं चालतो. म्हणजे १९५५ चे दोन्ही चित्रपट २०१५ अखेर मोकळे झाले, १९५९ चा ‘अनाडी’ २०१९ अखेर. ‘आनंद’ (१९७१, मेट्रनचं आडनाव इथेही डिसाच!) मात्र २०३१ अखेरपर्यंत हक्कात आहे, त्यासाठी हक्कधारकाचं लेखी पत्र हवं. गाण्यांची गोष्ट वेगळी. गीतकार-संगीतकारांचा हक्क त्यांच्या मृत्यूनंतर ६० वर्षं राहतो, त्यामुळे तारीख जाहीर करण्याआधी वकिलाला एकदा विचाराच. हे चित्रपट लांबलचक असतात. सायंकाळी सातला सुरू केलात तर शेवटची बस चुकणारे अर्ध्यातून उठतात, म्हणून रविवारी दुपारी तीन ही वेळ बरी.

प्रश्न : ललिताबाई आपल्या खानदेशच्या ना? आणि स्मिता पाटील?
— एक वाचक, शिरपूर

उत्तर : ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ चा, येवल्याचा. येवलं मनमाडच्या खाली, नाशिक जिल्ह्यात. शेजारी म्हणा, खानदेशी नव्हे. निधन पुण्यात, २४ फेब्रुवारी १९९८ ला. स्मिताताईंचं घराणं तुमच्याच शिरपूरचं, जन्म मात्र पुण्याचा, १९५५ चा. ‘उंबरठा’ गावात दाखवायचा विचार असेल तर वरचाच हिशेब लावा : चित्रपट १९८२ चा, हक्क २०४२ अखेरपर्यंत.