अवतार नव्हे, सोंग

निपाणीहून एका मुलीनं विचारलंय: पुरुषांच्या मासिकांत संगणकावर घडवलेल्या मॉडेल आणि व्हिडिओ गेममधल्या नायिका झळकतात, त्यांना मराठीत 'अवतार' म्हणावं की 'आभासी सुंदरी'?

'आभासी'ला लांबूनच नमस्कार. पडद्यावर काही दिसलं की मारला हा शिक्का. वर्ग आभासी, चलन आभासी, आता बाईही आभासी!

'अवतार' तर त्याहून चुकीचा. अव म्हणजे खाली. वरून कुणीतरी उतरायला हवं. गेम खेळणारा पात्रात उतरतो, तिथवर ठीक. मासिकाच्या पानावर कोण उतरलंय? शिवाय आमच्या बेळगावात 'काय हा अवतार!' हे विस्कटलेल्या केसांनाच म्हणतात. शेजारच्या कानडी काकूसुद्धा पोराला 'इदेनु निन्न अवतार' म्हणूनच झापतात. आणि 'फायनल फँटसी' या संगणकावर घडवलेल्या चित्रपटातली नायिका आकी रॉस बघा. २००१ साली 'मॅक्झिम' या पुरुषांच्या मासिकाच्या शंभर देखण्या जणींच्या यादीत ती ८७वी होती. डोक्यावर साठ हजार केस, एकेक सुटा हलवलेला. तिचा कसला आलाय अवतार?

सरळ 'सोंग' म्हणा की! हा शब्द 'स्वांग'वरून आला. स्व अधिक अंग. खोट्या रूपाच्या नावातच स्वतःचं अंग दडलंय, ही गंमत मला गेली तीस वर्षं पुरतेय. सोंगी भजनात गडी गवळण होतो तेव्हा लुगडं उसनं, अंग मात्र त्याचंच. आकीचं उलटं, नुसतं लुगडंच उभं! ऑक्टोबर २००४ च्या 'प्लेबॉय'मध्ये ब्लडरेन या गेममधल्या नायिकेचं चित्र आलं, त्यात तर लुगडंही पुरतं नव्हतं.

कानडीत याच अर्थाचा 'सोगु' आहे, आणि ढोंग करून मिरवणारा तो 'सोगलाडी'. माझं ठाम मत असं की या सोगुला 'सोगसु'चा, म्हणजे देखणेपणाचा, वास लागलाय. आमच्या टिळकवाडीतले एक निवृत्त प्राध्यापक यावर तावातावानं सांगतात, सोगसुतला ओ ऱ्हस्व, सोगुतला दीर्घ, संबंध शून्य. बरोबर आहे, साहेब. पण ओ मोजायला बाजारात फूटपट्टी घेऊन कोण जातं? एका गल्लीत दोन भाषा नांदल्या की शब्द असे ऱ्हस्वदीर्घ विचारून सोयरीक करत नाहीत. प्राध्यापकांनी कोशातून मान वर काढून खडेबाजारात एक फेरी मारावी.

आणि म्हण विसरू नका: सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं येत नाही. आकीला पुढे इतर चित्रपटांतही नटी म्हणून वापरायचा बेत होता. चित्रपटाला तेरा कोटी डॉलरहून जास्त लागले, परत आले साडेआठच्या आसपास. बेत बारगळला.

हां, प्रश्न राहिलाच. सोंग नपुंसकलिंगी आहे. 'मुखपृष्ठावर ती झळकली' असं लिहू नकोस. 'मुखपृष्ठावर ते सोंग झळकलं' असं लिही. संपादक 'ती' करतील. तू परत 'ते' कर.