पीसीवरचा कोणता जुना फुटबॉल गेम तुम्हाला अजून आठवतो?

फिफा ९८. पूर्ण नाव ‘रोड टू वर्ल्ड कप ९८’, ईए स्पोर्ट्सनं १९९७ मध्ये काढलेला. पुढचे भाग दिसायला सरस आहेत, मान्य. पण तुम्ही ‘आठवतो’ असं विचारलंय, आणि मला हाच आठवतो.

मी कोल्हापूरचा. आमच्याकडं फुटबॉल पेठेत आणि तालमीत वाढतो. शाहू स्टेडियमवर पाटाकडील विरुद्ध शिवाजी अशी आमच्या स्थानिक संघांची मॅच असली की घरात पोरं सापडत नाहीत. आतेभावाच्या पेंटियमवर हा गेम पहिल्यांदा लागला तेव्हा मी आधी संघांची यादीच चाळत बसलो. १७२ देश! आणि त्यात भारत. खऱ्या पात्रता फेरीत आपण पहिल्याच टप्प्यात बाहेर पडलो होतो, कतार पुढं गेलं होतं. म्हणून आम्ही मुद्दाम कतारशीच फ्रेंडली लावायचो, आणि जिंकल्याशिवाय जेवायला उठायचो नाही.

पण खरा जीव जडला तो इनडोअरवर. बंद हॉल, पाच-पाच खेळाडू, चारी बाजूंनी भिंती. बॉल बाहेर जायचाच नाही, आपटून परत पायात यायचा. थ्रो-इन नाही, ऑफसाइड नाही, उसंत नाही. समोरचा अंगावर आला की बॉल भिंतीवर मारायचा, आपण दुसऱ्या बाजूनं निसटायचं आणि पुढं परत घ्यायचा. गल्लीत शाळेच्या कंपाऊंडशी आम्ही रोज हेच करायचो! ती चाल स्क्रीनवर जशीच्या तशी जमली तेव्हा झालेला आनंद अजून आठवतो. पुढच्या भागांतून ईएनं इनडोअर काढून टाकलं, ते मला आजही पटलेलं नाही.

सुरुवातीला ब्लर या बँडचं ‘साँग २’ वाजायचं, मॅचमध्ये समालोचक जॉन मॉटसन आणि अँडी ग्रे बोलायचे. इंग्रजी फारसं कळत नव्हतं, पण मॉटसनचा आवाज चढला की गोल जवळ आला हे कळायचं.

आम्ही दोघं एकाच कीबोर्डवर खेळायचो, खांद्याला खांदा लावून. त्या कीबोर्डवर एकदम तीन-चार कळा दाबल्या की एखादी लागूच व्हायची नाही. आतेभावाला हे ठाऊक होतं. मी शॉट मारायला गेलो की तो त्याच्या बाजूच्या दोन कळा घट्ट दाबून धरायचा आणि माझा स्ट्रायकर गोलसमोर नुसता पळत राहायचा. हे मला दोन वर्षांनी कळलं.