ऋत्विज की ऋत्विक? एका नावाची उकल

प्रश्न थोडक्यात असा आहे: मुलाचं नाव ‘ऋत्विक’ ठेवायचं घरात जवळजवळ ठरलं आहे. पण नावांच्या याद्यांमध्ये अर्थ वेगवेगळे सापडतात. कुठे ‘ऋतूंचा राजा’, कुठे ‘ऋतूत जन्मलेला’, कुठे नुसतंच ‘ऋषी’. एका नातेवाइकांचं म्हणणं, खरा शब्द ‘ऋत्विज’ आहे. मग मूळ शब्द कोणता, लिहायचा कसा, आणि मुलगी झाली तर ‘ऋत्विजा’ चालेल का?

आधी ते तीन अर्थ बाजूला काढू. ‘ऋतूंचा राजा’ म्हणजे ऋतुराज, वसंत. त्या शब्दाचा इथे काही संबंध नाही. ‘ऋतूत जन्मलेला’ हा अर्थ हवा असेल तर शब्द ‘ऋतुज’ होईल. ऋतु + ज याचं ‘ऋत्विज’ होत नाही, कारण मधला इकार येणार कुठून? आणि ऋषी म्हणजे मंत्रद्रष्टा. ऋत्विज हे यज्ञातलं एक काम आहे, द्रष्टेपण नव्हे. एखादा ऋषी ऋत्विज होऊ शकतो, पण दोन्ही शब्द समानार्थी नाहीत.

मूळ शब्द आहे ‘ऋत्विज्’. त्यात दोन घटक आहेत: ‘ऋतु’ आणि ‘यज्’ हा धातू. धातुपाठात, म्हणजे संस्कृत धातूंच्या जुन्या यादीत, यज् चे तीन अर्थ दिले आहेत: देवपूजा, संगतिकरण आणि दान. या धातूला काही प्रत्यय लागले की सुरुवातीच्या ‘य’चा ‘इ’ होतो. व्याकरणात याला संप्रसारण म्हणतात. यज् पासून ‘इष्टि’ आणि ‘इज्या’ हे शब्द होतात ते याच कारणाने. इथेही यज् चं इज् झालं. ऋतु + इज्, उकारापुढे इकार आला म्हणून उकाराचा व झाला, आणि ऋत्विज् तयार. अर्थ: ऋतूला, म्हणजे नेमक्या वेळी, यजन (यज्ञ) करणारा.

इथे ‘ऋतु’ म्हणजे उन्हाळा-पावसाळा एवढंच धरलं तर अर्थ तोकडा पडतो. वैदिक भाषेत ऋतु म्हणजे ठरलेली, उचित वेळ. दर्शेष्टी अमावास्येला, पौर्णमासेष्टी पौर्णिमेला, चातुर्मास्य याग चार-चार महिन्यांनी. वेळ टळली की कर्म बिघडलं आणि प्रायश्चित्त आलं. त्यामुळे वेळ पाळणं हा या कामाचा गाभाच होता. ‘ऋत्विय’ (योग्य वेळेचं) हे विशेषण त्याच घरातलं. ऋग्वेदात अग्नीला उद्देशून ‘अयं ते योनिर्ऋत्वियः’ असं म्हटलं आहे (३.२९.१०).

यास्काच्या निरुक्तात, म्हणजे वैदिक शब्दांची उकल करणाऱ्या प्राचीन ग्रंथात, या शब्दाच्या एक सोडून तीन व्युत्पत्ती आहेत (३.१९). पहिली ‘ईरणः’, चालना देणारा. दुसरी शाकपूणी या जुन्या आचार्याच्या नावावर, ‘ऋग्यष्टा’, ऋचांनी यजन करणारा. तिसरी ‘ऋतुयाजी’. व्याकरणाच्या कसोटीला तिसरीच उतरते. पण नावाचा अर्थ सांगताना कुणी ‘ऋचांनी यजन करणारा’ म्हणालं तर ते हवेतून आलेलं नाही, एवढं ध्यानात असू द्यावं.

शब्द किती जुना? ऋग्वेदाच्या पहिल्याच ऋचेत तो आहे: ‘अग्निमीळे पुरोहितं यज्ञस्य देवमृत्विजम् । होतारं रत्नधातमम् ॥’ अग्नीला इथे एका दमात पुरोहित, ऋत्विज् आणि होता म्हटलं आहे. म्हणजे तीन शब्द तीन कामांचे आहेत. पुरोहित हा ‘पुढे ठेवलेला’, एखाद्या राजाचा किंवा घराण्याचा कायमचा माणूस. ऋत्विज् हा त्या-त्या यज्ञापुरता निवडलेला. होता हा ऋत्विजांपैकीच एक, ऋचा म्हणणारा. म्हणून यादीत ‘ऋत्विक = पुरोहित’ असं दिसलं तर ते ढोबळमानाने ठीक, नेमकं नाही.

ऋत्विज किती असावेत हे कर्मावर ठरतं. अग्निहोत्राला एक पुरतो. दर्शपूर्णमासाला चार लागतात: अध्वर्यू, ब्रह्मा, होता आणि आग्नीध्र. चातुर्मास्याला पाच, पशुबंधाला सहा आणि सोमयागाला सोळा (काही शाखा ‘सदस्य’ हा सतरावा धरतात). सोळा जणांचे चार गट असतात. होत्याबरोबर मैत्रावरुण, अच्छावाक आणि ग्रावस्तुत्. अध्वर्यूबरोबर प्रतिप्रस्थाता, नेष्टा आणि उन्नेता. उद्गात्याबरोबर प्रस्तोता, प्रतिहर्ता आणि सुब्रह्मण्य. ब्रह्म्याबरोबर ब्राह्मणाच्छंसी, आग्नीध्र आणि पोता. होता ऋग्वेदाचा, अध्वर्यू यजुर्वेदाचा, उद्गाता सामवेदाचा. ब्रह्मा बहुतांश वेळ गप्प बसून चूक कुठे होते यावर लक्ष ठेवणारा.

दक्षिणेची वाटणीही ठरलेली. मनुस्मृतीत (८.२१०) प्रत्येक गटातल्या मुख्याला पूर्ण वाटा, दुसऱ्याला त्याच्या निम्मा, तिसऱ्याला तृतीयांश, चौथ्याला चतुर्थांश असं प्रमाण आहे. शंभर गाई असतील तर मुख्याला १२, मग ६, ४ आणि ३. एका गटाच्या २५, चार गटांच्या १००. हिशेब इतका चपखल बसतो की १००चा आकडा मुद्दाम योजला असावा असं वाटतं.

मनूनेच ऋत्विजाची व्याख्याही दिली आहे (२.१४३): अग्न्याधेय, पाकयज्ञ आणि अग्निष्टोमासारखे याग जो ‘वृतो यस्य’, म्हणजे ज्याच्यासाठी निवडला जाऊन करतो, तो त्याचा ऋत्विज्. या ‘वृत’ शब्दाकडे मराठी माणसाने जरूर पाहावं. निवडण्याच्या विधीला ‘ऋत्विग्वरण’ म्हणतात. यजमान नाव-गोत्र उच्चारून ‘अमुक कर्मासाठी मी तुम्हाला वरतो’ असं म्हणतो, आणि मगच ती व्यक्ती ऋत्विज होते. आपल्याकडे शतचंडी, अतिरुद्र अशा मोठ्या अनुष्ठानांत हे वरण अजून होतं, आणि तिथे बसणाऱ्या गुरुजींना आजही ऋत्विज म्हणतात. याच वरणाची मराठी ‘वरणी’ झाली, तिची ‘वर्णी’ झाली. अनुष्ठानाला ब्राह्मण नेमणं म्हणजे वर्णी देणं. पुढे ‘मंत्रिमंडळात अमक्याची वर्णी लागली’ इथपर्यंत तिची मजल गेली. रोज वर्तमानपत्रात वाचतो त्या शब्दाचं बोट धरून मागे गेलं की ऋत्विजच भेटतो.

आता मुख्य वाद: ज की क?

संस्कृतात प्रातिपदिक, म्हणजे विभक्ती लागण्याआधीचं रूप, ‘ऋत्विज्’. प्रथमेच्या एकवचनात शब्द व्यंजनावर संपतो, तिथे ज् टिकत नाही, त्याचा क् होतो: ऋत्विक्. पुढे स्वर आला की ज् परत दिसतो: ऋत्विजम्, ऋत्विजः, ऋत्विजाम्. पुढे ‘भ्’ आला की ग् होतो: ऋत्विग्भिः, ऋत्विग्भ्यः. सप्तमी बहुवचनात ऋत्विक्षु. वणिज्-वणिक्, भिषज्-भिषक्, स्रज्-स्रक् हे याच चालीचे.

यात एक मौज आहे. यज् धातूवर संपणाऱ्या शब्दाचा सर्वसाधारण नियम (पाणिनी ८.२.३६) वेगळाच आहे. त्याने शेवटी ट् यायला हवा, जसं सम्राज् चं सम्राट् होतं. त्या हिशेबाने ‘ऋत्विट्’ व्हायला हवं होतं! ते होत नाही, कारण पाणिनीने या शब्दाची वेगळी सोय केली आहे. ३.२.५९ या सूत्रात ऋत्विक्, दधृक्, स्रक्, दिक्, उष्णिक् ही पाच रूपं तयारच देऊन टाकली आहेत. ती ‘क्विन्’ नावाच्या प्रत्ययाची, आणि हा प्रत्यय लागलेल्या शब्दाच्या शेवटी कवर्ग (क्, ग् वगैरे) येतो असं ८.२.६२ सांगतं. दिश् चं दिक् होतं आणि दिग्गज, दिक्पाल असे समास बनतात, तेही याच सूत्राच्या कृपेने.

म्हणजे ऋत्विक आणि ऋत्विज ही दोन नावं नव्हेत, एकाच शब्दाची दोन रूपं. मराठीने संस्कृत व्यंजनान्त शब्द घेताना एकच धोरण ठेवलेलं नाही. सम्राट घेतला तो प्रथमेवरून, परिषद घेतली ती मूळ रूपावरून. त्यामुळे दोन्ही रूपं शुद्ध. माझा कौल मात्र ‘ऋत्विज’ला आहे. मराठीत यज्ञाच्या संदर्भात एरवी हेच रूप चालतं. शिवाय ‘ऋत्विक’ बोलताना व पुसट होतो आणि ऐकणारा ‘हृतिक’ लिहून मोकळा होतो. हृ धातूचा अर्थ नेणं, हरण करणं. हृत म्हणजे हिरावलेलं. त्या दिशेला नाव जाऊ नये हे बरं. बंगालीत तर व-फळा (जोडाक्षरात खाली जोडलेला व) मागच्या व्यंजनाला दुप्पट करून स्वतः नाहीसा होतो, त्यामुळे ‘ऋत्विक’ लिहिलेलं ‘रित्तिक’ वाचलं जातं. चित्रपट दिग्दर्शक ऋत्विक घटक (१९२५–१९७६) यांच्या नावाचा बंगाली उच्चार तसाच आहे.

लिहिण्याबद्दल. शेवटी पाय मोडायचा नाही. मराठी लेखननियमांप्रमाणे विद्वान, अर्थात, परिषद हे शब्द हलन्त लिहीत नाहीत, तसंच ऋत्विज. वेलांटी पहिली, ऱ्हस्व. मराठीत ‘वीज’, ‘बीज’ अशा सवयीने ‘ऋत्वीज’ लिहिलं जातं, पण हा तत्सम शब्द असल्याने मूळचा ऱ्हस्व इकार तसाच राहतो. उच्चारात तो थोडा लांबला तरी लेखनात नाही. सुरुवातीला ‘ऋ’ हा स्वर, ‘रु’ नाही आणि ‘रृ’ही नाही. ही शेवटची चूक टंकलेखनाची आहे: र ला ऋकाराचं चिन्ह जोडलं की दिसायला जवळचं पण वेगळंच अक्षर तयार होतं, आणि मग संगणकावर नाव शोधताना सापडत नाही. इनस्क्रिप्ट कळफलकावर बरोबरच्या चिन्हाची (=) कळ शिफ्टसह दाबली की ऋ मिळतो; शिफ्ट न दाबता मिळतो तो नुसता ऋकार.

उच्चारात ज तालव्य ठेवावा, ‘मनोज’, ‘सरोज’मधल्यासारखा. ‘आज’, ‘वीज’ यांतला दंततालव्य ज इथे नको. ‘ऋत्विजला’, ‘ऋत्विजचा’ म्हणतानाही तोच ज.

रोमी लिपीत मात्र आधीच ठरवून घ्या. आपण ऋ चा उच्चार ‘रु’ करतो, म्हणून महाराष्ट्रात आणि गुजरातेत आर-यू लिहितात. हिंदी पट्ट्यात ‘रि’ म्हणून आर-आय. व साठी व्ही की डब्ल्यू हा आणखी एक फाटा. कोणतंही चालेल, पण जन्मदाखला, आधार आणि पारपत्र या तिन्हींत एकच असू द्या. जन्मनोंद नावाशिवायही होते आणि नाव १२ महिन्यांच्या आत शुल्काविना घालता येतं, तेव्हा स्पेलिंग घाईत ठरवायचं कारण नाही.

जन्मनक्षत्राच्या चरणावरून नावाचं पहिलं अक्षर, म्हणजे चरणाक्षर, पाहणाऱ्यांसाठी एक गंमत. या अक्षरांच्या कोष्टकात, म्हणजे अवकहडा चक्रात, ऋ नाहीच. मराठी उच्चाराने ‘रू’ धरलं तर स्वातीचा पहिला चरण येतो, हिंदी उच्चाराने ‘री’ धरलं तर चित्राचा चौथा. नक्षत्र बदललं, तरी रास दोन्हीकडे तूळच.

पारस्कर गृह्यसूत्र या घरगुती संस्कारांवरच्या प्राचीन ग्रंथातले नामकरणाचे निकष (१.१७) लावून पाहिले तर नाव बरंचसं उतरतं. मुलाचं नाव दोन किंवा चार अक्षरांचं असावं: ऋ-त्विज् दोन. मध्ये अन्तस्थ वर्ण (य, र, ल, व) असावा: व आहे. नाव कृदन्त (धातूला प्रत्यय लागून झालेलं) असावं, तद्धितान्त (नामाला प्रत्यय लागून झालेलं) नको: क्विन् हा धातूला लागणारा कृत् प्रत्ययच. अडतं ते दोन ठिकाणी. सुरुवात घोष व्यंजनाने हवी, इथे स्वर आहे. आणि शेवट दीर्घ स्वराने किंवा विसर्गाने हवा, इथे व्यंजन आहे. आजच्या मुलांची बहुतेक नावं याहून कितीतरी जास्त ठिकाणी अडतील.

राहिली ‘ऋत्विजा’. हे संस्कृतात तृतीयेचं रूप आहे, ‘ऋत्विजाने’ या अर्थाचं, म्हणून काही जण त्याला चूक ठरवतात. इतकं कडक होण्याची गरज नाही. व्यंजनान्त शब्दांना आ जोडून स्त्रीलिंगी रूप करण्याची मुभा भागुरी या जुन्या वैयाकरणाच्या नावाने प्रसिद्ध आहे: ‘आपं चैव हलन्तानां यथा वाचा निशा दिशा’. वाच् ची वाचा आणि दिश् ची दिशा होते, तर ऋत्विज् ची ऋत्विजा का नको? मुलीचं नाव विषम अक्षरांचं आणि आकारान्त असावं, हेही पारस्करांचंच म्हणणं. ऋ-त्वि-जा तीन अक्षरांचं आणि आकारान्त आहे. फक्त ‘ऋतुजा’शी गल्लत करू नका. ते वेगळं नाव, ऋतु आणि जा यांचं, आणि तुम्हाला यादीत दिसलेला ‘ऋतूत जन्मलेली’ हा अर्थ तिथे बरोबर बसतो.