वाचक विचारतात : बटणांच्या दुकानाची गोष्ट कोणी लिहिली?

प्रश्न : परवा दादरला मित्राकडे 'द शॉप ऑन मेन स्ट्रीट' हा जुना स्लोव्हाक पिक्चर बघितला, रात्रभर झोप नाही लागली. डायरेक्टरांबद्दल सगळे बोलतात पण मुळात लिहिलंय कोणी?
– एक वाचक, परळ

उत्तर : लादिस्लाव ग्रोसमन. बरं झालं विचारलंत, कारण लेखकाचं नाव कायम मागेच राहतं. जन्म 1921, पूर्व स्लोव्हाकियातल्या हुमेन्ने गावी, ज्यू घरात. आधी कथा लिहिली, मग कादार आणि क्लोस या डायरेक्टर जोडीबरोबर बसून त्याचीच पटकथा केली, पिक्चर 1965 चा आणि परभाषिक चित्रपटाचं ऑस्करही मिळालं.

पण खरी कमाल लिखाणात आहे हो! 1942 साल, ज्यूंची दुकानं काढून दुसऱ्यांना वाटतायत, सुतार ब्रत्कोच्या वाट्याला म्हाताऱ्या लाउतमानोवाचं दुकान येतं, तिला ऐकू कमी येतं, तिला वाटतं हा मदतनीस म्हणून आलाय. आणि दुकानात काय तर बटणं, रिबिनी आणि रिकामे खोके! भुलेश्वरला लेस-बटणांच्या गल्लीत एखादी आजी गल्ल्यावर बसलेली दिसली की मला हमखास तीच आठवते. ब्रत्को वाईट माणूस नाहीये, नुसता घाबरट आहे, आणि ग्रोसमनने नेमकं तेच धरलंय, म्हणून तुमची झोप उडाली.

1968 मध्ये सोव्हिएत रणगाडे चेकोस्लोव्हाकियात घुसले, त्याच साली ग्रोसमन देश सोडून इस्रायलला गेले, तिकडेही लिहीत राहिले. 1981 मध्ये तिथेच वारले.